अनशीबायच्या फोनातले धवले

माझा जन्म म्हशाच्या जत्रेत झाला असं माझी आई सांगायची, आणि माझा चुलता मरेपर्यंत सांगत राहिला की जत्रा उठून गेल्यावर झाला, म्हणजे माझ्याविषयी दोन हकिकती सांगण्याची प्रथा अगदी पाळण्यापासूनची आहे. तुम्ही खर्डीत चार घरं फिरून मग माझ्याकडे आलात हे मला ठाऊक आहे. हरकत नाही. पण तिथं जे ऐकलंत ते बाजूला ठेवा आणि मी सांगतो ते लिहा, कारण त्या अंगणात फोनच्या वायरीचं टोक माझ्या हातात होतं, ज्यांनी तुम्हाला गोष्टी सांगितल्या ते कुंपणापलीकडे उभे होते.

आमचं घर कुणब्याचं, म्हसा आणि मुरबाड यांच्या मधल्या एका पाड्यावरचं. भात, नाचणी, पावसाळा सरला की वीटभट्टी. माझ्याहून थोरली एकच बहीण, अनसूया, तिला सगळे अनशीबाय म्हणतात. आई शेतावर, म्हणून मी वाढलो तो तिच्या कडेवर. तिला आमच्या आत्यानं धवले, म्हणजे लग्नात गायची गाणी, दिले. दिले म्हणजे पाठ करून घेतले, वहीत नाही, कारण वही कुणाकडे होती? धवलारीण काय करते हे शहरातल्या माणसाला सांगावं लागतं. लग्नाच्या मांडवात बसून ती एकेका देवाला नावानं हाक मारते, कुलदैवताला, गावदेवीला, रानातल्या वाघोबाला, मग घरातल्या गेलेल्या माणसांना, सगळ्यांना पाटावर बसवते, त्यांच्या साक्षीनं हळद लागते, लग्न लागतं, आणि शेवटी ज्याला त्याला आपापल्या ठिकाणी परत धाडते. त्या शेवटच्या धवल्याला आमच्यात बोळवण म्हणतात. मांडवाबाहेर धवला तोंडातून काढायचा नाही, हा नियम. शेतात नाही, चुलीपुढं नाही, कुणी कितीही आग्रह केला तरी नाही. देव हाक ऐकतो आणि येतो, आलेल्याला बसायला पाट लागतो आणि जायला बोळवण लागते. लहानपणी मी विचारायचो, बाय, बोळवण नाय केली तर गो? ती माझ्या तोंडावर हात ठेवायची. तिचा हात थंड पडलेला असायचा, हे मला आजही आठवतं.

मी शिकलो, टेलिफोन खात्यात लागलो, शहापूरला एक्स्चेंजमध्ये उभं आयुष्य काढलं. निवृत्तीनंतर आटगावला स्टेशनच्या रस्त्यावर दुकान घातलं, आधी रेडिओ दुरुस्त करत होतो, मग काळ बदलला तसे मोबाइल. काही लोक म्हणतात की म्हाताऱ्याला मोबाइलातलं काय कळतं. काय सांगू तुम्हाला, तार असो की बिनतार, बिघाड शोधायची रीत एकच असते, एका वेळी एकच गोष्ट बदलायची आणि काय बदललं ते लक्षात ठेवायचं. ही रीत ज्याला नाही त्यानं माझं वय काढू नये.

अनशीबाय खर्डीला दिली होती. नवरा गेला, मुलगा भास्कर शेती सांभाळून कंपनीत जातो, त्याची मुलगी प्रणाली. धवले शिकायला कुणी पुढं येत नव्हतं, प्रणालीही नाही, ती नर्सिंगला. पण तिनं एक चांगलं केलं, आजीला एक जुना फोन दिला आणि आवाज टिपणारं एक ॲप त्यात टाकून दिलं. मांडवाबाहेर गायचं नाही, पण मांडवात फोन न्यायचा नाही असं तर कुणी सांगितलेलं नव्हतं, तेव्हा अनशीबाय लग्नाला जाताना तो फोन चंचीत ठेवायची, पानसुपारीच्या शेजारी, आणि गाताना चालू करायची. अशी दोन-तीन वर्षं गेली. बोळवण मात्र एकदाच टिपली गेली, कारण ती येते अगदी शेवटी, आणि तोवर त्या फोनचं चार्जिंग उरायचंच नाही.

मग तिला झटका आला. उजवं अंग गेलं आणि वाचा गेली. जिनं सगळ्या देवांना नावानिशी ओळखलं तिला भास्करचं नाव घेता येईना. त्याच सुमारास प्रणालीचं लग्न ठरलं, आणि सगळ्यांच्या डोक्यात एकच आलं, धवले कोण गाणार? तुम्ही विचाराल, दुसरी धवलारीण नव्हती का? होत्या, मुरबाडकडे दोघी आहेत, पण आमच्या घरच्या देवांची नावं आणि त्यांचा क्रम त्यांना ठाऊक नाही, आणि अर्धवट नावं घेतलेली चालत नाहीत. तेव्हा जे होतं ते त्या फोनात होतं. आणि ते ॲप उघडत नव्हतं. उघडलं की मिटायचं, उघडलं की मिटायचं, पापणीसारखं.

भास्कर आधी फोन घेऊन शहापूरला नीलेशकडे गेला. नीलेशचं मोठं दुकान आहे, चाळिशीचा माणूस, हुशार आहे, मी नाही म्हणत नाही. तो सगळीकडे सांगतो की त्यानं फोन ठीकठाक परत दिला होता. खरी गोष्ट अशी की भास्करच्या मागोमाग मी तिथं पोचलो तेव्हा तो ॲप काढून टाकून पुन्हा घालायच्या बेतात होता, त्याचं बोट त्या खुणेवर होतं, आणि ॲप काढलं असतं तर त्याच्या आतल्या खोलीत ठेवलेले सगळे आवाज त्याच्यासोबत गेले असते. मी फोन हिसकावून घेतला. त्यावर तो म्हणाला, काका, मंग तुमीच करा की, माझ्या दुकानात आरडाओरडा नाय पायजे. मी म्हटलं, करतोच. एवढंच झालं. मी त्याच्या अंगावर धावून गेलो ही भर आहे.

आता हे नीट समजून घ्या. फोन आपला असला तरी त्याच्या आतल्या खोलीत आपल्याला जाता येत नाही. तिथं जाण्याचा जो अधिकार त्याला रूट म्हणतात. तो कायमचा घ्यायला गेलं तर फोन आधी स्वतःला धुऊन पुसून कोरा करतो, म्हणजे ज्यासाठी घ्यायचा तेच जातं. दुसरा मार्ग तात्पुरत्या रूटचा. जुन्या फोनच्या यंत्रणेत एखादी फट राहिलेली असते, तिच्यातून एक छोटा प्रोग्राम आत शिरतो आणि अधिकार मिळवतो, तो अधिकार फोन बंद होईपर्यंत टिकतो, तेवढ्यात काय काढायचं ते काढून घ्यायचं. साधलं तर काँप्युटरच्या पडद्यावर ओळीच्या टोकाला असलेलं डॉलरचं चिन्ह जातं आणि तिथं जाळीसारखं चिन्ह येतं. नाही साधलं तर फोन थरथरतो, काळा पडतो आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू होतो. सुरू झाला तर. त्या फोनची बॅटरी फुगलेली होती, मागचं झाकण एका बाजूनं उचललेलं होतं, आणि दर वेळी तो काळा पडला की मी पडद्यावरून नजर काढायचो नाही, कारण त्या अंधारात माझी बहीण होती. लोक म्हणतात मी हौसेनं खेळत बसलो होतो. मी भीत होतो. घाबरलेल्या माणसाचे हात स्थिर असले की बघणाऱ्याला हौस वाटते, त्याला मी काय करू.

पहिल्या वेळी फोन उघडायला अडचण नव्हती, कारण तो अनशीबायच्या अंगठ्यावर उघडायचा आणि तिचा लुळा अंगठा भास्करनं धरून टेकवला तरी तो ओळखायचा. मी आतल्या सेटिंगा चालू केल्या, माझ्या काँप्युटरशी त्याची ओळख करून दिली, प्रोग्राम चालवला. फोन काळा पडला. पुन्हा लागला तेव्हा अंगठा घेईना, नक्षी मागू लागला, ते नऊ ठिपके असतात ना, ती. बंद होऊन लागलेला फोन पहिल्यांदा नक्षीच मागतो. आणि नक्षी अनशीबायखेरीज कुणालाच ठाऊक नव्हती.

नीलेश म्हणतो इथंच काकानं घोळ घातला. साफ खोटं. काँप्युटरशी ओळख झालेली होती, ती टिकली होती, वायरीतून बोलणं चालू होतं, म्हणून मी पुढं गेलो. एकेक गोष्ट तपासली. वायर बदलली, ती सैल होती. तरी अपयश. प्रोग्राम कोणत्या यंत्रणेसाठी लिहिलाय ते वाचलं, तर फोनवरचा क्रमांक शेवटच्या आकड्यांत वेगळा निघाला, म्हणून नेमक्या त्याच क्रमांकासाठी लिहिलेला शोधला. तरी अपयश, पण या वेळी बऱ्याच पुढं जाऊन. मग कळलं की तो प्रोग्राम फोनच्या स्मरणात मोकळी जागा शोधत असतो, आणि फोन बराच वेळ चालू राहिला की तिथं गर्दी होते, म्हणून फोन लागल्या लागल्या, दुसरं काही जागं व्हायच्या आत तो चालवायचा. तसं केलं आणि एका दुपारी जाळीचं चिन्ह आलं. मी दुकानात एकटा होतो. आतली खोली उघडली, आणि बघतो तर धवले नाहीत. म्हणजे होते, पण त्यांची नावं अशी वेडीवाकडी अक्षरं झालेली, की कुठली फाइल कुठली ते ब्रह्मदेवाला कळू नये. नक्कल करून ऐकायचा प्रयत्न केला, आवाजच निघेना. मी हादरलो. वाटलं, आपल्या हातूनच ते नासले.

नासले नव्हते. तासभर डोकं धरून बसल्यावर लक्षात आलं. अधिकार मिळाला तरी खोलीतल्या पेट्या कुलूपबंदच होत्या, आणि त्यांची किल्ली म्हणजे ती नक्षी. नक्षी काढल्याशिवाय आत शिरलेल्या माणसाला नुसत्या पेट्या दिसतात. आधी नक्षी, मग लगोलग प्रोग्राम, हा क्रम. नक्षी अंदाजानं काढत बसलो असतो तर चुकता चुकता फोननं दार कायमचं लावलं असतं. तेव्हा खर्डीला गेलो आणि फोन अनशीबायच्या डाव्या हाताखाली धरला.

तिनं हात मागे घेतला. पुन्हा धरला, पुन्हा घेतला. मी म्हटलं, बाय, अगं तुझेच धवले आहेत. तिनं मान भिंतीकडे वळवली आणि डावा हात पदराखाली घेतला. भास्कर म्हणाला, मामा, आय घाबरलीय. तिला वाटतंय तुमी ते हितं वाजवून बघाल. मांडव नाय, पाट नाय, आन् देवाला हाक जायाची. मी चिडलो, हे मी नाकारत नाही. मी म्हटलं, अरे, यंत्रातला आवाज आहे तो, यंत्रातल्या आवाजाला कुठला देव येतोय? तर प्रणाली, नर्सिंग शिकलेली मुलगी, दारातून म्हणाली, आजोबा, तुमच्या टेलिफोनवर बोलावलेला माणूस येत नव्हता का?

मांडव घातला. गावात सांगतात की मी देवभोळा होऊन रडत रडत मांडव घातला. मी तो घातला कारण माझ्या बहिणीनं त्याशिवाय नक्षी काढली नसती. भास्करच्या अंगणात चार बांबू, वर आंब्याचे टहाळे, उंबराची फांदी रोवली, तांदळाचा चौक काढला, पाट, तांब्या, नारळ. मधोमध स्टुलावर माझा काँप्युटर. आसपासच्या बाया कुंपणाशी जमल्या. एक म्हणाली, लगीन कुनाचं गो? दुसरी म्हणाली, फोनाचं! हसल्या. पण अनशीबायला उचलून आणून पाटाशेजारी बसवल्यावर हसू थांबलं, कारण तिनं डोक्यावर पदर घेतला होता, जसा ती गाण्याआधी घ्यायची.

डाव्या हातानं तिनं नक्षी काढली. चुकली. बोट घसरलं. दुसऱ्यांदा चुकली. फोननं थांबायला सांगितलं, आणि थांबण्याचा तो वेळ मला माझ्या सगळ्या नोकरीहून लांब वाटला. भास्कर म्हणाला, मामा, सोडा, ऱ्हाव द्या. मी त्याला गप्प बसवलं. तिसऱ्यांदा उघडला. मी लगोलग प्रोग्राम चालवला, फोन थरथरला, वाटलं गेला, आणि जाळीचं चिन्ह आलं. खोलीत पाहिलं तर फाइलींवर तारखा, वेळा, सगळं स्वच्छ. नक्कल सुरू केली. जुन्यापासून नव्याकडे, एकामागून एक फाइली येऊ लागल्या.

आणि आता तो वादाचा प्रसंग. पहिल्या वेळी न वाजणाऱ्या नकला आलेल्या होत्या, म्हणून आलेल्यांपैकी एक खरी आहे की नाही हे ऐकून पाहणं भाग होतं. मी पहिली लावली. अनशीबायचा आवाज अंगणात आला, आजारपणाआधीचा, भरलेला, आणि तिनं कुलदैवताला हाक मारली. कुंपणावरच्या बाया खाली बसल्या. कुणीतरी हात जोडले. अनशीबाय स्वतःकडेच बघावं तशी त्या स्टुलाकडे बघत होती. मला बंद करता आलं असतं. मी केलं नाही. एकामागून एक देव येत गेले, आणि धवले चालू असतानाच फोनमधून चर्र असा बारीक आवाज आला, झाकण वर उचललं, पडदा काळा झाला. तो पुन्हा लागला नाही. बॅटरी बदलून नाही, कशानंच नाही. नक्कल झाली होती ती बोलावण्याची, हळदीची, लग्नाची. सगळ्यात अखेरची फाइल आली नव्हती, आणि अखेरच्या लग्नात टिपलेली ती फाइल बोळवणीची होती.

गाव म्हणतो, म्हाताऱ्यानं मिरवायला धवले वाजवले म्हणून फोन जळला. अहो, वाजत होतं ते काँप्युटरवर, फोनवर नाही! वाजवण्याचा आणि फोनचा काडीचा संबंध नव्हता. नीलेश म्हणतो, बॅटरी आधी काढून वीज बाहेरून द्यायला हवी होती. दिली असती, पण त्या फोनला बॅटरीवाचून चालताच येत नाही हे त्यानंही तपासावं. आणि तिसरी हकिकत, जी माझ्या तोंडावर कुणी बोलत नाही, ती अशी की देव आले आणि त्यांनीच फोन घेतला. या तिसऱ्या हकिकतीला माझ्याकडे उत्तर नाही, कारण तिच्यात तपासण्यासारखं काही नाही.

पण एक गोष्ट तर सगळ्यांनाच दिसत होती. हाक गेली होती, मांडव उभा होता, आणि परत धाडायला कुणी नव्हतं. भास्करनं मांडव उतरवायला नकार दिला. टहाळे वाळले, तरी तसेच. शेजारच्या बाया अंगण ओलांडेनात, लांबून फिरून विहिरीला जाऊ लागल्या. प्रणालीला ताप भरला, साधा ताप होता, तिनंच गोळी घेतली आणि उतरला, तरी भास्करची बायको सकाळ-संध्याकाळ पाटापुढे उभी राहून पुटपुटायची, रागावू नका, आमाला ठावं नाय, रागावू नका. मी हे सगळं बघत होतो आणि भास्करला सांगत होतो की हा खुळेपणा आहे, आणि घरी जाताना त्या मांडवाकडे पाठ करायचं मात्र मला होत नव्हतं. तिरका तिरका निघायचो.

लग्नात धवले वाजवायचे की नाही यावर बरीच बोलाचाली झाली. प्रणालीच म्हणाली, आजी जिवंत असून माझ्या लग्नात मुकी राहणार नाय. तिच्यापुढं कुणाचं चाललं नाही. तोच मांडव नवे टहाळे लावून मोठा केला. अनशीबाय पाटाशेजारी, मी तिच्या उजव्या बाजूला, तिचा लुळा हात माझ्या मांडीवर. धवले लागले, देव आले, हळद झाली, लग्न लागलं, आणि शेवटची फाइल संपली.

वाजंत्रीवाले थांबले होते. लहान मुलं थांबली होती. सगळे अनशीबायकडे बघत होते, आणि कुणाच्याही चेहऱ्यावर लग्न नव्हतं. मग तिनं डाव्या हातात अक्षता घेतल्या, ओठ हलवायला लागली, आणि एकेका दिशेला थोड्या थोड्या टाकत गेली. किती वेळ, ते मी सांगू शकत नाही. हात रिकामा झाला तेव्हा तिनं पदर डोक्यावरून काढला. मांडव एकदम बोलू लागला, बाया रडायला लागल्या, भास्कर तिच्या पायाशी पडून म्हणाला, आय गायली, आय गायली!

तुम्हालाही खर्डीत हेच सांगितलं असणार. की तिला वाचा आली, की बोळवण शब्दन् शब्द ऐकू आली, कुणी म्हणेल पहिलं कडवं ऐकलं, कुणी म्हणेल शेवटचं. भास्कर शपथ घेतो. नीलेशसुद्धा, जो लग्नाला होता, म्हणतो की मी मागच्या रांगेतून ऐकलं. आणि मी सांगतो, ती गायली नाही. तिचं तोंड माझ्या कानापासून वीतभर अंतरावर होतं. श्वास ऐकू येत होता, ओठांचा ओला आवाज ऐकू येत होता, शब्द नव्हता, सूरही नव्हता. मला बोळवणीचे शब्द येत नाहीत, पण आवाज आहे की नाही एवढं ओळखायला मी उभा जन्म कानाला यंत्र लावून बसलो आहे.

यावरून भास्कर माझ्याशी धड बोलत नाही. म्हणतो, मामा, येवढं कबूल केलंत तर तुमचं काय जाल? काही जाणार नाही. मी हो म्हटलं तर मांडव उतरवल्यापासून मला जी धास्ती लागून राहिली आहे ती आजच जाईल, गावासारखा मीही सुखानं झोपेन. त्यांना कुणी परत धाडलं हे त्यांना ठाऊक आहे. मला ठाऊक नाही. शब्दाविना बोळवण पोचते का, हे सांगणारी एकच बाई आहे आणि तिला बोलता येत नाही.

प्रणालीचं बरं चाललं आहे, जावई चांगला आहे, तिला दिवस गेले आहेत. सुखी राहा, पोरी, तुझ्या घरी सगळं नीट होवो, एवढंच मी रोज म्हणतो, थोडं मोठ्यानंच म्हणतो. संध्याकाळी खर्डीला जाऊन अनशीबायजवळ बसतो. कधी कधी तिचे ओठ हलायला लागतात, तेव्हा मी कान जवळ नेतो आणि बाकीच्यांना गप्प बसायला सांगतो. लिहा, की ती गायली नाही. आणि हेही लिहा, की मी अजून ऐकतो आहे.